माहो सुईणीचं पाणी

माझा स्वभाव संशयी आहे आणि मला त्याची लाज वाटत नाही. पॅरिसमध्ये गवताच्या गल्लीत मी तर्कशास्त्र शिकवतो. त्या गल्लीत कुणी पाठ थोपटली, की मणका कुठे मऊ आहे ते तो चाचपत नाही ना, हे आधी बघावं लागतं. मी बघत आलो, म्हणून टिकलो.

माझा मित्र एव्रार हाही संशयीच, पण वेगळ्या जातीचा. माझा संशय माणसांवर, त्याचा थेट जगावर. तो म्हणायचा, दोन उलट गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकत नाहीत, एवढं एकच पक्कं. बाकी सगळं ‘बहुधा’. देवाने मनात आणलं तर समोर नसलेली भिंतही तो आपल्याला दाखवू शकतो. मग भिंत आहे हे छातीठोकपणे सांगणारे आपण कोण? जेवायला बसल्यावर हातातल्या पावाकडे बघून तो म्हणायचा, “हा बहुधा पाव.” मी म्हणायचो, “मग बहुधाच पोट भर, अख्खा मला दे.” असा आमचा संसार चालला होता.

पेंटेकॉस्टच्या सणानंतरच्या शनिवारी एव्रारला पाद्री म्हणून दीक्षा मिळायची होती. ब्री प्रांतातल्या त्याच्या स्वतःच्या गावचं चर्चही त्यालाच मिळणार होतं. त्याची विधवा आई पेरनेल तिथे राहायची. पोराच्या तोंडून मिस्सा, म्हणजे चर्चमधली वेदीवरची उपासना, ऐकायचा आणि मग मरायचं, एवढं एकच मागणं घेऊन ती बाई जगत होती. त्याच चर्चवर आमचे सहकारी गोंतिए यांच्या चुलतभावाचा डोळा होता. हे सगळ्या गल्लीला ठाऊक होतं, फक्त एव्रारला सोडून. त्याला भिंतीची शंका यायची, गोंतिएची यायची नाही.

आमच्याकडे बांधिलकीचा खेळ असतो. एकाने काहीतरी धडधडीत खोटं मांडायचं. दुसऱ्याने “स्वीकारलं” म्हणायचं आणि मग कितीही प्रश्न आले तरी ते खोटं खरं मानूनच उत्तरं द्यायची, स्वतःच्या बोलण्याला छेद न देता. अडखळलास की हरलास. मांडणारा “वेळ संपली” म्हणतो तेव्हाच सुटका. ते शब्द म्हणायचा हक्क फक्त मांडणाऱ्याचा, दुसऱ्या कुणाचा नाही. सहसा आम्ही ‘तू रोममध्ये आहेस’ किंवा ‘तू गाढव आहेस’ असलं काहीतरी मांडतो.

त्या दिवशी भर सभेत गोंतिए उठले, बाह्या सारख्या केल्या आणि म्हणाले, “मी मांडतो. तुझा बाप्तिस्मा झालेला नाही.”

गवतावर बसलेली पोरं पुढे सरकली. माझ्या मनात शंकेची पाल चुकचुकली. दीक्षा तोंडावर आलेल्या माणसाला कुणी असलं मांडतं का? पण एव्रारचे डोळे चमकले. त्याला खेळ दिसला की बाकी काही दिसायचं नाही.

“स्वीकारलं,” तो म्हणाला.

“तू ख्रिस्ती आहेस.”

“नाकारतो.”

“तुझी आई सांगेल की, आहेस म्हणून. आईला माहीत नसणार?”

“आईला जे सांगितलं गेलं ते आईला माहीत. सांगणाराचं मन तिने उघडून पाहिलेलं नाही.”

“सुईणीने तुझ्यावर पाणी घातलं.”

“घातलं असेल की. सोबत बाप्तिस्म्याचे शब्द म्हटले का? म्हटले तर मनापासून म्हटले, की एक डोळा चुलीवर ठेवून? हेतू नसेल तर गुरुजी, तो बाप्तिस्मा नाही, ती नुसती आंघोळ.”

“म्हणजे पाद्री होण्याआधीची तुला मिळालेली धर्मपदंही खोटी?”

“अर्थात. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?”

सभा खदखदून हसली. मीसुद्धा हसलो. गोंतिए लाल झाले. आणखी काही विचारणार तोच संध्याकाळच्या प्रार्थनेची घंटा झाली. त्यांनी झगा आवळला आणि ते तरातरा निघून गेले. “वेळ संपली” म्हणायचं राहिलंच. पोरं मागून ओरडली, “एव्रार गुरुजी, तुम्ही अजून बिनबाप्तिस्म्याचेच!” मग पुढचे काही दिवस गल्लीत तोच विनोद चालला. पाववालीसुद्धा त्याला विचारायची, “काय, मिळालं का पाणी?”

एव्रार हसायचा. पण नीट पाहिलं तर ते हसू ओठांपर्यंतच असायचं. मला वाटलं, दीक्षेची धास्ती असेल.

मग बिशपांच्या धर्माधिकाऱ्यांकडून बोलावणं आलं. एव्रारच्या बाप्तिस्म्याबद्दल शंका निघाली आहे, असा निरोप होता. खात्रीचा साक्षीदार आणावा आणि स्वतःही शपथेवर सांगावं. नाहीतर अटीचा बाप्तिस्मा घ्यावा, म्हणजे ‘आधी झाला नसेल तर आता देतो’ असं म्हणून डोक्यावर पाणी घालून घ्यावं. मागची पदं पुन्हा पहिल्यापासून घ्यावी, मग दीक्षेचं बघू.

मी तडक गोंतिएंना गाठलं. ते दारूच्या गुत्त्यात ईल मासा खात बसले होते.

“चुलतभावाला चर्च मिळावं म्हणून माणसाचा बाप्तिस्मा काढून घेता?” मी म्हटलं. “उद्या कुणाचं नाक आवडलं तर तेही न्याल.”

“थिबो, बस आधी.”

“बसायला नाही आलो. ‘वेळ संपली’ मुद्दामच म्हणाला नाहीत ना तुम्ही?”

“रागात विसरलो. तुझ्या त्या दोस्ताने भर सभेत माझं हसं केलं, मी त्याचे मुके घेणार होतो का?” त्यांनी काटा काढून ताटाच्या कडेला ठेवला. “पण धर्माधिकाऱ्यांकडे मी गेलो नाही. कोण गेलं ते मला कळलंय. तू घरी जा आणि तुझ्या दोस्तालाच विचार.”

चोराच्या उलट्या बोंबा, असं मनात म्हणत मी घरी आलो. एव्रार खिडकीत बसला होता. मी सगळं सांगितलं. त्याने बोटं मोडली.

“मीच गेलो होतो,” तो म्हणाला.

“कुठे?”

“धर्माधिकाऱ्यांकडे. त्या दिवशी मी गोंतिएंना जी उत्तरं दिली ना, ती घरी येऊन तपासली. म्हटलं, यात चूक कुठे आहे? थिबो, चूक नाहीये. एकाही उत्तराला तोड नाही. माझा जीव वाचवला तो माहो सुईणीने. पाद्री येईपर्यंत मी जगेन याचा भरवसा नव्हता, म्हणून पाणीही तिनेच घातलं. ती मेली. तिच्या मनात काय होतं ते आता कुणाला कळणार? उद्या मी वेदीपुढे उभा राहून भाकर उचलेन, लोक ती ख्रिस्ताचं शरीर मानून गुडघे टेकतील, आणि ती नुसती भाकरच असली तर? म्हातारी माणसं मरताना माझ्याकडे पापं सांगतील, मी ‘क्षमा झाली’ म्हणेन, आणि झालेली नसली तर?”

मला त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली. वाद इतका झकास जिंकला की स्वतःच त्याला बळी पडला, ही चूक आमच्या गल्लीतच होऊ शकते. न्हावी असली चूक करत नाही, कोळी करत नाही. पण त्याचा चेहरा पाहिला आणि माझा हात खालीच राहिला. तो खरोखर घाबरला होता.

“मग घे ना ते अटीचं पाणी,” मी म्हटलं. “दोन ओंजळींचा प्रश्न. सगळी भीती जाईल.”

“तेच ठरवलंय. पदं पुन्हा घ्यायला वेळ लागेल. चर्च जाईल, जाऊ दे. आईला तेवढं समजावायचं.”

आई दोन दिवसांत आलीच, दीक्षा बघायला म्हणून. डोक्यावर गवतात गुंडाळलेलं चीज, पायात चिखलाचे लाकडी बूट आणि तोंडाचा पट्टा गावापासून चालू. मला म्हणाली, “तू थिबो ना? किती रे वाळलास. तर्काने पोट भरत नाही होय?” संध्याकाळी आम्ही तिघं जेवायला बसलो. चीज पोटात गेलं तशी ती खुलली आणि जुनं सांगू लागली. एव्रारच्या जन्माची गोष्ट तिला फार आवडायची.

“जुळे होते रे बाबा. एक हा आणि एक ओदों. मी तर गेलेच होते. डोळ्यांपुढे अंधार, कानात नुसती शीळ. शुद्धीवर आले ती दुसऱ्या दिवशी उन्हं वर आल्यावर. माहो उशाशी बसलेली. म्हणाली, पेरनेल, एक गेला, एक आहे. पण काळजी करू नकोस, दोघांनाही वेळेवर पाणी दिलंय. मग ओदोंला चर्चच्या अंगणात पुरला, भिंतीलगत, पेअरच्या झाडाखाली. मी दर रविवारी जाते. म्हणते, काय रे, देवबाप्पाकडे मजेत ना?”

एव्रारने खाणं थांबवलं. मग हळूहळू, शब्द चाचपत, त्याने तिला सगळं सांगितलं. खेळ, शंका, धर्माधिकारी, अटीचं पाणी.

म्हातारी ऐकत गेली तसा तिच्या तोंडावरचा रंग उतरत गेला.

“माहोचं पाणी कच्चं, असं म्हणतोस तू?”

“कच्चं म्हणत नाही आई. पक्कं म्हणता येत नाही.”

“एकच तांब्या होता. एकच हात. आधी ओदों, मग तू. तुझं कच्चं असेल तर त्याचं रे? तू तर घेशील नवं पाणी. त्याला कोण घालणार?” तिचा आवाज चिरकला. “इतकी वर्षं मी त्याला देवाजवळ बघत आलेय. आता काय, बाप्तिस्मा नाही म्हणून स्वर्गाच्या दाराबाहेर उभा आहे म्हणू? अंधारात? आणि गावात कळलं की लोक काय करतील माहितेय? वरच्या आळीतल्या बाईचं मूल खणून काढलं होतं, बाप्तिस्म्याचा भरवसा नाही म्हणून. गावकुसाबाहेर नेऊन पुरलं. मी बघितलंय ते.”

“आई, ऐक—”

“तू ऐक! मी या डोळ्यांनी पाहिलंय माहोला पाणी घालताना. एकेक शब्द ऐकलाय तिचा. बापाच्या, पुत्राच्या आणि पवित्र आत्म्याच्या नावाने. सगळं! हातच्या कांकणाला आरसा कशाला? मी देते साक्ष तुझ्या त्या धर्माधिकाऱ्याला.”

मी एव्रारकडे पाहिलं. तो माझ्याकडेच बघत होता. घटकेपूर्वीच्या गोष्टीत ती बेशुद्ध होती. आता तिने सगळं पाहिलं आणि ऐकलं होतं. ज्या माणसाला जगात एकच गोष्ट पक्की ठाऊक होती, की दोन उलट गोष्टी एकत्र खऱ्या असू शकत नाहीत, त्याला आता आणखी एक गोष्ट पक्की कळली होती. आपली आई आपल्या तोंडावर खोटं बोलते आहे.

चीजचा तुकडा उचलून त्याने तिच्या ताटात ठेवला. मी मान खाली घातली. म्हातारीची मला दया आली.

धर्माधिकाऱ्यांच्या वाड्यात वर जायला दगडी जिना आहे. हजर व्हायच्या दिवशी पेरनेल पुढे चढत गेली. एव्रार मधेच थांबला.

“ती शपथेवर खोटं बोलणार,” तो म्हणाला. “आणि मग ते मला विचारणार, खात्री आहे का. नाही म्हणालो तर ओदों गेला, आई गेली. आहे म्हणालो तर मी खोटा. थिबो, मला खरंच माहीत नाही रे.”

“कुणाला माहीत असतं? मला माझं माहीत आहे? त्या वरच्या धर्माधिकाऱ्याला त्याचं माहीत आहे? तोही कुठल्यातरी सुईणीच्याच हातातला.”

“त्याला विचारलेलं नाही. मला विचारलंय.”

तेव्हा मला राग आला, खरा राग. एव्हाना दुसऱ्या माणसाने आईसाठी एक शब्द बोलून टाकला असता, आणि हा पायरीवर उभा राहून तराजू तोलत होता. त्याच रागात मला ते सुचलं. मी त्याचा झगा धरला.

“मी मांडतो,” मी म्हटलं. “माहो सुईणीने तुमच्या दोघांच्या डोक्यावर पाणी घातलं, शब्द म्हटले, आणि मनापासून म्हटले.”

त्याने झगा सोडवून घेतला.

“हा खेळ नाहीये, थिबो.”

“नसेल. तुझ्या आईने तरी दुसरं काय केलं इतकी वर्षं? माहोने मांडलं, हिने स्वीकारलं, आणि एकाही उत्तरात ती अडखळली नाही. तुला काय धाड भरलीय? बोल लवकर.”

वरून म्हातारीची हाक आली, “एव्रार, ए, कुठे राहिलास?”

“स्वीकारलं,” तो म्हणाला.

धर्माधिकारी दाढदुखीने बेजार होते. गालाला फडकं बांधून बसले होते. पेरनेलने शुभवर्तमानाच्या पोथीवर हात ठेवला आणि पाहिलं-ऐकलं सगळं सांगून टाकलं. इतकं बारकाईने, की तांब्याला पोचा कुठे होता तेसुद्धा. ते संशयाने तिच्याकडे बघत राहिले.

“बाळंतपणात इतकं सगळं आठवतं तुला?”

“महाराज, तुम्ही कधी बाळंत झालात?”

त्यांनी गाल दाबला आणि गोंतिएंकडे वळले. गोंतिएंनाही बोलावलं होतं.

“तुम्ही ‘वेळ संपली’ म्हणाला नव्हता, असं ऐकतो. खरं का?”

“खरं, महाराज.”

“मग आता म्हणा. मला इथे खेळातलं उत्तर नको.”

“वेळ संपली,” गोंतिए म्हणाले. म्हणताना त्यांनी एव्रारकडे पाहिलं, आणि त्या नजरेत मला वाटलं होतं तसं वैर नव्हतं. माझा अंदाज चुकला असेल. माझे अंदाज चुकतात, फक्त मी ते सहसा सांगत नाही.

“आता तू खेळाबाहेर आहेस,” धर्माधिकारी एव्रारला म्हणाले. “शपथेवर सांग. तुझा बाप्तिस्मा झाला आहे याची तुला खात्री आहे?”

एव्रारने एकदा माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे बघत उभा राहिलो.

“आहे,” तो म्हणाला.

“सुईणीचा हेतू खरा होता?”

“होता.”

“तू सभेत तर म्हणालास, की कुणाच्या मनातलं कळत नाही.”

“दुसऱ्यावर घातलेलं पाणी बघून कळत नसेल. माझ्यावर घातलेलं मी आजवर वागवतोय.”

धर्माधिकाऱ्यांनी हात हलवला, जा म्हणाले. म्हातारीने जिन्यातच एव्रारचं तोंड दोन्ही हातांत धरलं आणि रडली. शनिवारी दीक्षा झाली. पुढच्या महिन्यात ती आपल्या गावच्या चर्चमध्ये सगळ्यांत पुढे बसून पोराचा मिस्सा ऐकत होती. मी गेलो होतो. भाकर वर उचलताना एव्रारची नजर क्षणभर माझ्याकडे वळली. मी तोंड घट्ट मिटून घेतलं. सोडवायचा हक्क फक्त माझा होता, आणि मी तो वापरणार नव्हतो.

तरी मी जेव्हा जेव्हा भेटायला जायचो तेव्हा तो हळूच विचारायचा, “म्हणतोस का आज?” मी म्हणायचो, “आज नाही. तुझी वाइन चांगली आहे.” पेरनेल सुखाने गेली. तिला ओदोंशेजारी पेअरच्या झाडाखाली पुरलं. त्या दिवशी त्याने विचारलं नाही. मला वाटलं, आता तो विसरला.

मग मोठी साथ आली. गल्लीतलं गवत तसंच पडून राहिलं, बसायला कुणी उरेना. मी जीव मुठीत धरून एव्रारच्या गावी पळालो आणि तिथेच काखेत गाठ घेऊन आडवा झालो. शेजारच्या गावाचा पाद्री पळून गेला होता. एव्रार दोन्ही गावं सांभाळत होता. रोज दारोदार जायचा, लोकांची पापं ऐकायचा, क्षमा द्यायचा, मेलेल्यांना मूठमाती द्यायचा. माझ्याजवळ आला तेव्हा त्याचे डोळे खोल गेले होते. तो माझ्या उशाशी बसला आणि पूर्वीसारखाच हसला.

“थिबो, माझं ‘स्वीकारलं’ जगात तुला एकट्यालाच माहीत आहे. माझ्याकडून क्षमा घ्यायची की नाही, तू ठरव. ‘वेळ संपली’ म्हणायचं असेल तर आधी म्हण. नंतर तक्रार चालणार नाही.”

जन्मभर मी प्रत्येकावर संशय घेतला. त्या घटकेला मला भीती वाटत होती, मरणाची नव्हे, त्यापुढच्याची. आणि माझ्यासमोर जो एकुलता एक हात होता, तो माहो सुईणीच्या पाण्यावर उभा होता.

“तोंड बंद कर,” मी म्हटलं, “आणि माझी पापं ऐक. पुष्कळ आहेत.”

त्याने ऐकली. त्याचा हात माझ्या कपाळावर आला तेव्हा मी लहान पोरासारखा रडलो. माझी गाठ फुटली आणि मी वाचलो. तो चारच दिवसांत गेला. त्याची पापं ऐकायला कुणी नव्हतं.

पेअरच्या झाडाखाली आता तिघं आहेत. मी उभा राहू लागलो तेव्हा काठी टेकत तिथे गेलो. नियम नियमच असतो. ज्याने बांधलं त्याने सोडवावं, आणि माणूस मेल्यावर त्याला बांधून ठेवणं बरं नव्हे, असं कुणीही म्हणेल. शब्द माझ्या ओठांवर आले. पण माझा संशय स्वर्गाच्या दारावर बसलेल्यांवरही आहे. तेही धर्माधिकारीच. तिथे त्याला पुन्हा विचारलं तर? आणि ओदोंबद्दल विचारलं तर?

मी ते शब्द म्हणालो नाही. मी जिवंत आहे तोवर त्याने ते स्वीकारलेलंच असू दे. खाली पडलेले दोन पेअर उचलले, एक तिथेच ठेवला आणि दुसरा खात परत आलो.